निशाणी ४१

अमळनेरच्या कोर्टात, वरच्या मजल्यावर,
शिरस्तेदारानं पुढ्यात नकाशा उलगडला
तेव्हा आधी वास ओळखला.
एकोणतीस वर्षं अमोनिया
घड्यांत दबा धरून होता.

मग अक्षर. माझंच.
'मोकळी जागा' मधला ळ
मी नेहमी जरा मोठा काढायचो,
आत हवा खेळावी म्हणून.

साक्षीदार, हा ले-आउट तुम्ही काढला?
हो.
गट नंबर दोनशे सोळा?
हो.
आणि हा दुसरा?
तोही मीच काढला, साहेब.

पहिला जळगावला नगररचनेकडे गेला.
त्यात कोपऱ्यावर बाग होती.
कंपासनं काढलेली चौदा झाडं,
सगळी एका वयाची, एका घेराची,
वर हिरव्या शाईचा हात.
दुसरा भावसारशेठच्या दुकानात टांगलेला,
गिऱ्हाइकांसाठी.
त्यात बागेच्या जागी प्लॉट एकतीस ते चौतीस.
झाडं खोडायला ब्लेडचं अर्धं पातं पुरलं.

तेहेतीस नंबर एसटीतल्या शामकांत बिऱ्हाड्यांचा.
शंभराच्या स्टॅम्पावर साठेखत,
ताबा दिला असे,
उर्वरित रक्कम खरेदीच्या वेळी.
खरेदीची वेळ आलीच नाही.
त्यांनी तारेचं कुंपण घातलं, पाटी लावली,
पाटीवरचं नाव उन्हानं दोनदा खाल्लं,
दोनदा रंगवलं.
आता ते म्हणतात करार पुरा करा,
कॉलनी म्हणते बाग द्या,
आणि प्रतिवादी एक मयत,
वारस अ ते उ हजर,
त्यातल्या उ ला प्लॉट कुठे आहे हेच माहीत नाही.

वकिलांनी सकाळीच बजावलं होतं,
जेवढं विचारतील तेवढंच.
मी तेवढंच सांगत होतो.
पंखा फिरत होता, टायपिस्ट एका वाक्यानं मागे होती.

बाहेरच्या बाकावर लोटन उखा बसलेले.
ना वादी, ना प्रतिवादी.
पण दर तारखेला येतात,
पिशवीत इसारपावती घेऊन,
घडीवर फाटलेली, मागून चिकटपट्टी:
'विहिरीतला चौथा हिस्सा
लिहून देणार याजकडेच राहील.'
मघाशी जिन्यात त्यांनी माझा हात धरला.
रागानं नाही.
भाऊ, मनी हिर कोठे गई?

शेठ म्हणाले होते, विहीर दाखवू नका,
दाखवली की सतरा ना-हरकती.
मी विचारलं होतं, पाणी आहे ना तिला?
ते म्हणाले, म्हणूनच.
आणि मी ट्रेसिंगवर त्या जागी
काहीच काढलं नाही.
काही न काढायला किती कमी वेळ लागतो.
मुरूम नंतर पडला, बारा ट्रॅक्टर.
आधी ती माझ्या टेबलावर बुजली.

न्यायाधीशबाईंनी चष्मा काढला.
साक्षीदाराला आणखी काही सांगायचंय?
वकिलांनी माझ्याकडे पाहिलंच नाही,
म्हणजे काय म्हणायचं ते कळलं.

मी पेन्सिल मागितली.
निशाणीवर काही लिहिता येत नाही, शिरस्तेदार म्हणाला.
मग बोटानं.
एकतीस आणि तेहेतीसच्या मधे,
रस्त्याला थोडं खेटून,
वर्तुळ.

टायपिस्टनं मोठ्यानं वाचलं,
'साक्षीदार नकाशावर बोटाने वर्तुळ काढतो.'
बाई म्हणाल्या, कशाचं ते लिहा.
विहिरीचं.
दोन वकील एकदम उठले.
हरकत, हरकत.
बसा, बाई म्हणाल्या. व्यास आठवतो?

बावीस फूट.
खात्रीनं सांगता?
हो साहेब. टेपचं एक टोक माझ्याकडे होतं.
दुसरं, पलीकडच्या काठावर,
लोटननानांनी धरलं होतं.